आऊसाहेबांच्या माहेरचा चाफा

या गोष्टीला पुष्कळ वर्षं झाली. किती, ते विचारू नका. मोजायला बसलेले मोजता मोजताच म्हातारे झाले. तेव्हा एक आटोपशीर राज्य होतं. राज्याला एक राजा होता, राजाची एक बाग होती आणि बागेत हैबती नावाचा माळी होता. राजाची गोष्ट काय, सगळेच सांगतात. आपण माळ्याची ऐकू. लहानांनी पुढं सरकून बसावं. मोठे मागं बसले तरी चालेल, पण खरं सांगू का, ही गोष्ट त्यांच्यासाठीच जास्त आहे.

हैबतीचा बागेवर भारी जीव. थंडीत तो जाईच्या वेलाला स्वतःची घोंगडी पांघरायचा आणि आपण कुडकुडत बसायचा. नवं रोप लावलं की घटकाघटकाला जाऊन त्याच्यापुढं उकिडवा बसायचा. त्याची बायको गोजरा म्हणायची, "अहो, त्या रोपाला तुमचीच दृष्ट लागंल एक दिवस. जरा घराकडंबी बघा."

पण पंचक्रोशीत हैबतीचं नाव मोठं. लोक म्हणायचे, हैबतीचा हात लागला की वाळक्या लाकडालासुद्धा पालवी फुटते. लोकांचं काय, ते बोलतात आणि विसरतात. हैबतीला मात्र ते खरं वाटायचं, आणि तिथंच घोडं पेंड खात होतं.

बागेच्या मधोमध एक चाफा होता. पांढऱ्या पाकळ्या, आत हळदीचं पिवळं बोट लावल्यासारखा रंग आणि कडेला किंचित गुलाबी झाक. तसा चाफा अख्ख्या राज्यात दुसरा नव्हता. राजाच्या आई, आऊसाहेब, नवरी होऊन या राज्यात आल्या तेव्हा माहेरच्या चाफ्याची एक फांदी बरोबर घेऊन आल्या होत्या. त्यांचं माहेर सात नद्यांच्या पलीकडं. परत जाणं काही झालं नाही. मग रोज सकाळी त्या चाफ्याखाली पाट टाकून बसायच्या, खाली पडलेली फुलं पदरात वेचायच्या आणि म्हणायच्या, "हैबती, मला माहेर म्हणून एवढंच आहे रे. सांभाळ हो."

हैबतीनं सांभाळलं. कसं सांभाळलं ते ऐका. बुंध्याभोवती त्यानं गुडघाभर खोल आळं खणलं आणि ते सकाळ-संध्याकाळ काठोकाठ भरायला लागला. पावसाळ्यातही आळं फोडून पाणी काढून द्यायचा नाही. आऊसाहेबांचं माहेर तहानलेलं राहिलं तर? छे छे!

एका वर्षी पावसानं नुसतं झोडपून काढलं. दसऱ्याला चाफ्याची पानं पिवळी पडली. हैबतीनं पाणी वाढवलं. पानं गळली. हैबतीनं आणखी वाढवलं. दिवाळी झाली आणि एका सकाळी, वारा नाही की वादळ नाही, झाड आपलं आपणच आडवं झालं. बुंधा आतून कुजून गेला होता.

आऊसाहेब आल्या. पडलेल्या झाडावरून त्यांनी एकदा हात फिरवला. "माहेर गेलं," एवढंच म्हणाल्या, आत गेल्या आणि अंथरुणाला खिळल्या.

राजा घाबरला. आईवर त्याचं फार प्रेम. त्यानं एक सोडून तीन वैद्य बोलावले. पहिल्यानं खोलीच्या खिडक्या बंद करवल्या. दुसऱ्यानं अंगावर तीन दुलया घातल्या. तिसऱ्यानं सात काढे सुरू केले. दाराशी भालदार उभा राहिला, आणि त्याला हुकूम काय, तर वारासुद्धा आत जायचा नाही.

मग राजानं हैबतीला बोलावलं. "हैबती, आऊसाहेब धड जेवत नाहीत, बोलत नाहीत. तुझ्या हाताचं एवढं नाव आहे. अक्षय्य तृतीयेपर्यंत त्या चाफ्याचं एक तरी रोप जिवंत उभं राहिलं पाहिजे. नाही राहिलं, तर बागेतलं घर रिकामं कर. तुझ्या आज्यानं बांधलेलं असलं तरी."

हैबतीला घर जाण्याची भीती वाटली, नाही असं नाही. पण त्याहून जास्त त्याला आऊसाहेबांची काळजी वाटली. "सांभाळ हो," म्हणाल्या होत्या त्या. तो तडक आडव्या झाडाशी गेला. वरच्या सहा फांद्या अजून धड होत्या. त्या त्यानं कापल्या. त्यातल्या पाच त्यानं निवडल्या, सरळ, भरलेल्या, मनगटाएवढ्या जाड. सहावी वाकडी होती आणि तिला पुढं बेचकं फुटलेलं.

"ही राजाच्या बागेत शोभायची नाही," असं म्हणून त्यानं ती बाजूला फेकली.

गोजरानं ती उचलली. गरिबाच्या घरी लाकूड ते लाकूड. तिनं ती छपरावर जळणात टाकून दिली आणि भाकऱ्या थापायला बसली.

इकडं पाचही फांद्यांच्या कापल्या जागेतून पांढरा चीक टपटप गळत होता. ते बघून हैबती गोजराला म्हणाला, "अगं, रक्त वाहतंय हिचं! लवकर मातीत घालायला पाहिजे." चीक गळत असतानाच त्यानं पहिली फांदी शेणखताच्या खड्ड्यात उभी केली आणि वर दोन घागरी पाणी ओतलं.

आठव्या दिवशी फांदीच्या शेंड्याला हिरवं टोक दिसलं. हैबती धावत सुटला. दरबारात जाऊन त्यानं राजाला वर्दी दिली, राजानं त्याच्या खांद्यावर शेला घातला, गावात साखर वाटली. पण मंडळी, वर पालवी फुटली म्हणजे खाली मूळ धरलंच असं नसतं. ती पालवी फांदीच्या अंगातल्या शिलकीवर फुटली होती. शिलक संपली, पालवीनं मान टाकली. हैबतीनं फांदी उपसली तर खालचा भाग बोटांत लिबलिबीत लागला. शेला त्यानं गुपचूप घडी करून पेटीत टाकला. लोकही काय कमी असतात? "काय हैबती, साखर पचली का?" असं विचारायला लागले.

दुसरीला त्यानं दूध-पाणी घातलं. ती पहिलीपेक्षा लवकर कुजली. तिसरी थंडी लागेल म्हणून घरात आणली, चुलीशेजारी मडक्यात लावली आणि गोधडीत गुंडाळली. तिला बुरशी आली.

चौथीची गोष्ट सांगताना मलाच वाईट वाटतं. चौथी लावली तेव्हा हैबतीच्या हातून घागर निसटली, त्यामुळं पाणी जरा कमी पडलं. ती जगायला लागली होती. पण हैबतीला धीर कुठला? रोज सकाळी तो ती उपटून बघायचा, मूळ आलं का, आणि परत लावायचा. एका सकाळी उपटली तर बुडाशी तांदळाच्या कण्यांएवढे पांढरे कोंब! त्यातले अर्धे उपटतानाच तुटले, उरलेले तो आनंदानं चाचपून बघत असताना तुटले. पुढं ती धरलीच नाही.

हैबती ओसरीवर येऊन बसला आणि लहान पोरासारखा रडला. "गोजरे, माझ्या हाताला झालंय तरी काय? मी काय कमी केलं गं?"

"कमी कुठं केलं," गोजरा म्हणाली. "तुम्ही कमीच करत न्हाई, हाच तर घोर हाय." पण दुःखात असलेल्या माणसाला असलं ऐकू येतं होय? त्याला वाटलं, बायको धीर देतेय.

एक फांदी उरली होती. हैबतीला सुचलं की आऊसाहेबांनाच विचारावं, माहेरची फांदी त्यांनी कशी आणली, कशी लावली. तो वाड्यावर गेला. भालदारानं भाला आडवा धरला. "वैद्यांचा हुकूम आहे. वारासुद्धा आत जायचा नाही, तिथं तू कोण?" हैबती आल्या पावली परत फिरला. पाचवी त्यानं देवाचं नाव घेऊन लावली, रोज तीर्थाचं पाणी घातलं, तिच्याशेजारी जेवला, तिच्याशेजारी झोपला. देवाचं झालं तरी पाणी ते पाणीच. होळीच्या सुमाराला पाचवीही गेली.

मधल्या काळात गोजरानं एक काम केलं होतं. कोंड्याचं मडकं जमिनीवर ठेवलं की शेळी ते फोडायची. म्हणून तिनं छपरावरून एक बेचक्याची काठी ओढली. महिनाभर उन्हावाऱ्यात पडून ती चांगली सुकली होती, कापलेलं टोक दगडासारखं कडक झालं होतं. घरामागच्या मुरमात हातभर खड्डा घेऊन तिनं काठी रोवली, पायानं माती दाबली, रोज सकाळी कोंडा घातला की मडकं बेचक्यावर पालथं घालायचं, झालं. नंतर मडक्याला तडा गेला. ते तसंच बेचक्यावर राहिलं आणि त्याच्याकडं कुणी ढुंकून बघितलं नाही. हे मी तुम्हाला सांगून ठेवतो. हैबतीला ठाऊक नव्हतं.

अक्षय्य तृतीयेची सकाळ उजाडली. हैबतीनं राजाची वाट बघितली नाही. स्वतःच बोचकी बांधायला घेतली. आज्याची कुदळ घेतली, खुरपी घेतली, जाईच्या वेलाला हात जोडले. गोजरा शेळी सोडायला घरामागं गेली. थोड्या वेळानं तिची हाक आली.

"अहो, जरा इकडं या. ही काठी निघंना!"

"राहू दे ना. घर चाललंय आणि तू काठीचं काय घेऊन बसलीस?"

"राहू दे कशी? नव्या जागी नवं मडकं काय तुमच्या डोक्यावर ठेवू?"

हैबती चरफडत आला. त्यानं काठीला दोन्ही हातांनी धरलं आणि पाय रोवून जोर लावला. काठी जागची हलली नाही. दुसऱ्यांदा जोर लावताना त्याचं नख सालीत रुतलं. अंगठ्याला काहीतरी चिकट लागलं. त्यानं बघितलं. पांढरा चीक होता.

हैबतीनं हात असे काढले की जणू काठी तापलेली होती. वाळक्या लाकडाला चीक येत नसतो, हे त्याला कुणी सांगायची गरज नव्हती.

"गोजरे," तो म्हणाला. "ही काठी कुठली?"

"कुठली म्हणजे? तुम्ही फेकलेलीच की. चाफ्याची."

"मडकं काढ. हळू. नको, थांब, मी... नाही, तूच काढ. माझा हात नको."

गोजरानं मडकं उचललं. आत बेचक्याच्या दोन्ही टोकांना पानांचे झुबके होते. अंधारात वाढल्यामुळं फिके पिवळे, चुरगळलेले, पण ताठ. आणि एका झुबक्यात बारीक कळ्यांचा देठ. हैबती खाली मुरमात बसला. त्याला हसू यायला लागलं, मग रडू यायला लागलं, मग दोन्ही एकदमच. गोजराही पदर डोळ्यांना लावून हसत होती. "आता घागर आणू का?" तिनं विचारलं, आणि हैबती एवढ्या जोरात "नको!" म्हणून ओरडला की शेळी दचकली.

तो दरबारात गेला. या वेळी धावत नाही, चालत गेला.

"महाराज, चाफा जगलाय."

राजाचा विश्वास बसेना. एकदा साखर वाटून झाली होती ना! "असं? मग उपटून आण. मला मूळ बघायचंय."

हैबतीनं मान खाली घातली, पण शब्द खाली घातला नाही. "महाराज, घर घ्या, मान घ्या. पण ते झाड आता मी उपटायचा नाही आणि दुसऱ्या कुणाला उपटू द्यायचा नाही. आऊसाहेबांनी तिथं येऊन बघावं."

तिन्ही वैद्य एकदम ओरडले, "आऊसाहेब? बाहेर? उन्हात?"

पण आऊसाहेबांची खोली दरबाराला लागूनच होती, आणि चाफा हा शब्द बंद दारातूनही आत गेला होता. दार उघडलं. तीन दुलया जमिनीवर टाकून आऊसाहेब उंबऱ्यात उभ्या होत्या. सहा महिन्यांत अंगावर मांस उरलं नव्हतं. "मी जाते," त्या म्हणाल्या. "कुणी आडवं येऊ नका."

राजा आणि वैद्य त्यांच्या मागोमाग निघाले. गोजरानं घाईघाईनं एक पाटी पालथी घातली. राजाची आई माळ्याच्या घरामागं, शेळीच्या शेजारी, पालथ्या पाटीवर बसली. फांदीकडं बघितलं, वरच्या कळ्यांकडं बघितलं, बाजूला पडलेल्या तडकलेल्या मडक्याकडं बघितलं. गोजरानं सगळी हकिगत सांगितली, छप्पर, मुरूम, मडकं, सगळी. आणि आऊसाहेब हसायला लागल्या. सहा महिन्यांनी पहिल्यांदा. राजाच्या छातीवरचं ओझं त्या हसण्यानं उतरलं.

"अरे हैबती," त्या म्हणाल्या, "माझ्या आईनं फांदी कापली आणि मला लुगड्यात गुंडाळून दिली. सात नद्या ओलांडायला सव्वा महिना लागला. सव्वा महिना ती मेण्यात माझ्या उशाशी कोरडी पडून होती. आई म्हणाली होती, 'पोरी, हिची जखम आधी सुकू दे. ओल्या जखमेला माती लागली की कुजते. आणि लावलीस की सारखी बघत बसू नकोस. नव्या घरात रुळायला तुला वेळ लागेल ना, तेवढाच हिलाही लागेल.'"

हैबती ऐकत होता. ऐकता ऐकता त्याला गुडघाभर खोल आळं आठवलं, सकाळ-संध्याकाळच्या घागरी आठवल्या, आणि त्याचा चेहरा उतरला. "म्हणजे आऊसाहेब... मोठं झाडही माझ्याच पाण्यानं गेलं."

"हो," आऊसाहेब म्हणाल्या.

"तुम्हाला माहीत होतं? मग मला बोलला का नाहीत?"

"तू एवढ्या मायेनं घागरी आणायचास. मला वाटलं, याचं मन कसं मोडू? चूक तुझी एकट्याची नाही, बाबा. माझ्या भिडेनंही झाड गेलंच."

हैबतीनं त्यांच्या पायावर डोकं ठेवलं. आऊसाहेबांनी ते उचललं आणि मग राजाकडं वळल्या. "आणि तू रे? तीन वैद्य, सात काढे, तीन दुलया, वर भालदार! मलाही कुजवायचा बेत होता की काय? खिडक्या उघड त्या. मला उद्यापासून ऊन पाहिजे आणि ज्वारीची भाकरी पाहिजे."

राजा ओशाळला. त्यानं वैद्यांकडं बघितलं, वैद्यांनी जमिनीकडं बघितलं. गोजराला हसू आवरेना, म्हणून ती शेळीला पाणी दाखवायला गेली.

बोचकी सुटली. आज्याची कुदळ परत खुंटीला लागली. चाफा तिथंच, घरामागं मुरमात वाढला आणि आऊसाहेबांचा पाटच तिकडं आला. ज्येष्ठात पहिलं फूल उमललं. ते झाडावरून आपण होऊन पडेपर्यंत हैबतीनं वाट बघितली, तेव्हा त्यानं डावा हात उजव्या हातानं पाठीमागं घट्ट धरला होता. फूल पडलं. आऊसाहेबांनी ते पदरात घेतलं, डोळे मिटून वास घेतला आणि म्हणाल्या, "आलं हो माझं माहेर."

पुढं त्या झाडाच्या फांद्या राज्यभर गेल्या. जो मागेल त्याला हैबती द्यायचा, पण देताना बजावायचा, "घरी गेलास की आधी छपरावर टाक आणि पंधरा दिवस विसर. लावलीस की पुन्हा विसर." आणि एखादा विचारायचाच, "मग हैबतीबाबा, आम्ही करायचं तरी काय?" त्यावर हैबती म्हणायचा, "न करणं हेच लई अवघड काम आहे. मला शिकायला पाच फांद्या लागल्या."

म्हणून सांगतो: जीव लावावा, पण हात आवरावा.